पारा आणि काळ : अमर होण्याच्या एका जुन्या हट्टाचा इतिहास

(कारंजा (घाडगे) येथे झालेल्या व्याख्यानाचं शब्दांकन. बोलण्याचा बाज शक्यतो तसाच ठेवला आहे. शेवटी दोन प्रश्नोत्तरं जोडली आहेत.)



आजचा विषय ऐकून काही जणांना वाटलं असेल की हे तत्त्वज्ञानाचे मास्तर पाऱ्यावर काय बोलणार? पारा हा रसायनशास्त्राचा विषय, फार तर वैद्यांचा. पण थोडा दम धरा. पारा हा आपल्याकडे काही शतकं चक्क तत्त्वज्ञानाचा विषय होता, आणि त्या तत्त्वज्ञानाचा झगडा थेट काळाशी होता.

सुरुवात तरुण मुलांना ठाऊक असलेल्या गोष्टीपासून करू. काळात मागेपुढे जाणाऱ्या यंत्रांचे सिनेमे तुम्ही पाहिले असतील. १९८५ साली आलेल्या एका प्रसिद्ध अमेरिकन सिनेमात मोटारगाडीच कालयंत्र होते, आणि ती चालते प्लुटोनियमवर. अशा बहुतेक कथांत एक पदार्थ असतोच. तो दुर्मिळ असतो, तो जीवघेणा असतो, आणि तो हाती आला की काळ आपल्या मुठीत येतो. लेखक कधी त्याला खरं नाव देतो, कधी मनाने रचतो. पण साचा तोच. दुर्मिळ, घातक, काळावर मात करणारा.

आता माझं म्हणणं असं आहे की हा साचा सिनेमावाल्यांनी शोधलेला नाही. तो किमान हजार-दीड हजार वर्षं जुना आहे, आणि त्यात आपल्या महाराष्ट्राचा, आपल्या विदर्भाचा चांगला वाटा आहे. तो पदार्थ म्हणजे पारा. खरा पारा नव्हे, लोकांच्या मनातला पारा. खऱ्या पाऱ्याच्या अंगी नसलेले गुण त्याला चिकटवले गेले आणि एक कल्पित पदार्थ तयार झाला. विष मात्र खरंच होतं.

पाराच का?

पहिला प्रश्न असा की इतके धातू असताना पाराच का? थोडं त्या काळच्या माणसाच्या जागी उभं राहून बघा. पारा धातू आहे, पण पाण्यासारखा वाहतो. एक लिटर पाणी एक किलो भरतं, एक लिटर पारा साडेतेरा किलो. लोखंडाचा खिळा त्यावर तरंगतो. सोनं त्यात बुडवलं तर तो सोन्याला गिळून टाकतो, आणि तापवला की स्वतः उडून जातो, सोनं मागे ठेवून.

याहून मोठं आश्चर्य पुढे आहे. हिंगूळ नावाचा लाल दगड असतो. तो तापवला की त्यातून चंदेरी पारा बाहेर येतो. हाच पारा गंधकाबरोबर खलात घोटला की काळी भुकटी होते, तिला कज्जली म्हणतात. पाऱ्याचा मागमूस उरत नाही. ती कज्जली विशिष्ट रीतीने शिजवली की लाल रससिंदूर मिळतो. आणि त्या लालमधून, काळ्यामधून, पुन्हा युक्तीने आच दिली की तोच चंदेरी पारा परत! जुन्या ग्रंथकारांनी यासाठी शब्द वापरले ते माणसासाठी वापरतात तेच. पारा मूर्च्छित होतो, पारा मरतो, पाऱ्याचं उत्थापन होतं.

लाकूड जळलं की राख होते, राखेचं लाकूड होत नाही. दूध नासलं की नासलं. आपल्या अनुभवात काळ एकाच दिशेने जातो. आणि इथे एक पदार्थ आहे जो मरतो आणि जसाच्या तसा परत येतो. ज्याने हे पहिल्यांदा पाहिलं असेल त्याच्या मनात काय आलं असेल, सांगा बरं! हेच की याला काळ लागू नाही. आणि मग दुसरा विचार आपोआप येतो, की हे याचं गुपित मला मिळालं तर?

आज आपण याला उलट फिरवता येणारी रासायनिक क्रिया म्हणतो. १७७४ साली प्रीस्टली यांनी पाऱ्याची लाल राख तापवून जो वायू मिळवला तोच ऑक्सिजन, आणि लाव्हाझिए यांनी तीच क्रिया पुढे-मागे करून आधुनिक रसायनशास्त्राचा पाया घातला. म्हणजे निरीक्षण चुकीचं नव्हतं. चूक पुढे झाली.

भास्कराचार्यांचं चाक

पाऱ्याच्या या चंचलपणाचा दुसरा उपयोग सुचला तो ज्योतिषांना. ज्योतिषी म्हणजे इथे गणिती, खगोल जाणणारे. काळ मोजायचा तर घटिकापात्र लागतं, शंकू लागतो, पण त्यावर माणसाने लक्ष ठेवावं लागतं. मग कल्पना निघाली स्वयंवह यंत्राची, म्हणजे आपोआप फिरत राहणाऱ्या यंत्राची. ब्रह्मगुप्ताने सातव्या शतकात असं यंत्र सांगितलं. पुढे ११५० साली भास्कराचार्यांनी सिद्धान्तशिरोमणीच्या यंत्राध्यायात ते वर्णिलं. हलक्या लाकडाचं चाक घ्यायचं, त्याला सारख्या अंतरावर पोकळ, किंचित वाकड्या आऱ्या बसवायच्या, त्या अर्ध्या पाऱ्याने भरून तोंडं बंद करायची. चाक आसावर चढवलं की पारा एका बाजूला धावतो, चाक झुकतं, पारा पुन्हा धावतो, आणि चाक फिरतच राहतं.

भास्कराचार्य आपल्या मुलखाचे. त्यांनी आपलं गाव सह्याद्रीच्या आश्रयाचं असल्याचं सांगितलं आहे, आणि त्यांच्या ग्रंथांच्या अध्ययनासाठी त्यांच्या नातवाने, चांगदेवाने, मठ काढल्याचा शिलालेख चाळीसगावजवळच्या पाटण इथे आहे. हा शिलालेख एकोणिसाव्या शतकात भाऊ दाजी लाड यांनी उजेडात आणला. शून्याने भागण्याचा विचार करणारा, चक्रवाल पद्धतीने अवघड समीकरणं सोडवणारा हा माणूस. आणि त्याचं हे चाक? ते फिरत राहू शकत नाही. एका बाजूला पारा आसापासून लांब असतो खरा, पण दुसऱ्या बाजूला जास्त आऱ्या असतात. हिशेब बरोबरीत सुटतो, आणि घर्षणाने चाक थांबतं. ऊर्जेच्या अक्षय्यतेचा नियम माणसाला कळायला अजून सातशे वर्षं होती.

यात भास्कराचार्यांना हसण्यासारखं काही नाही. युरोपातही पुढे पाच-सहा शतकं लोक असली चाकं बनवत राहिले. मुद्दा वेगळा आहे. काळाचं यंत्र कधीच थांबू नये अशी इच्छा झाली की बुद्धिमान माणसालाही पाराच आठवला.

एक विसरलेलं दर्शन

आता माझ्या विषयाकडे येतो. चौदाव्या शतकात विजयनगरच्या माधवाचार्यांनी सर्वदर्शनसंग्रह नावाचा ग्रंथ लिहिला. त्यात सोळा दर्शनं आहेत, चार्वाकापासून शांकर वेदान्तापर्यंत. पुण्यात वासुदेवशास्त्री अभ्यंकरांनी या ग्रंथाची स्वतःच्या संस्कृत टीकेसह आवृत्ती केली, ती भांडारकर संस्थेने १९२४ साली काढली. आमच्या पिढीच्या विद्यार्थ्यांना ती परिचित होती. त्यात नववं दर्शन आहे रसेश्वर दर्शन. रस म्हणजे पारा. पाऱ्याला ईश्वर मानणारं, त्याला शिवाचं तेज मानणारं दर्शन. परीक्षेला ते नसायचं, त्यामुळे बहुतेक जण ते पान उलटून पुढे जायचे!

पण त्याचा युक्तिवाद ऐका, तो चांगला तगडा आहे. बाकीची दर्शनं म्हणतात, मोक्ष मिळेल. कधी? देह पडल्यावर. रसेश्वरवादी विचारतो, ते कोणी पाहिलं? मेल्यानंतरच्या मोक्षाला पुरावा काय? मोक्ष जिवंतपणीच अनुभवता आला पाहिजे. त्यासाठी ज्ञान लागतं, ज्ञानासाठी दीर्घ अभ्यास लागतो, आणि अभ्यासाला पुरेल असं शरीर कुठे आहे? सोळा वर्षांपर्यंत पोरवय, मग विषयांची ओढ, मग म्हातारपण. विचार करायला सवड मिळते तोवर स्मरणशक्ती जाते. म्हणून आधी देह स्थिर करा. त्याला जरा आणि मरण नको. मग सावकाश मुक्तीचं बघू.

सत्तरी ओलांडलेल्या माणसाला हा युक्तिवाद फार पटतो, हे तुम्हाला खासगीत सांगतो. (हशा)

मग देह स्थिर कसा करायचा? तर पाऱ्याने. त्यांची रीत अशी होती की जे धातूवर घडतं ते देहावर घडतं. संस्कार केलेला पारा तांब्यासारख्या हलक्या धातूचं सोनं करतो, अशी त्यांची समजूत. सोनं गंजत नाही, झिजत नाही. म्हणून तोच पारा देहात गेला तर देहही न गंजणारा होईल. पहिल्याला लोहवेध म्हणत, दुसऱ्याला देहवेध.

इथे एक गोष्ट त्यांच्या बाजूने सांगितलीच पाहिजे. पारा विष आहे हे त्यांना पक्कं माहीत होतं. रसरत्नसमुच्चयासारख्या ग्रंथांत पाऱ्याचे दोष मोजून दिले आहेत. विष, दाह, मल हे त्याचे स्वाभाविक दोष, शिवाय शिसं आणि कथील यांची भेसळ. त्यांचे परिणामही दिले आहेत, मरण, जळजळ, मूर्च्छा. म्हणून अठरा संस्कार सांगितले, स्वेदन, मर्दन, मूर्च्छन, पातन वगैरे. त्यांतले पहिले आठ औषधासाठी पुरेसे मानतात, पुढचे सिद्धीसाठी. आणि नियम असा की आधी धातूवर पारखा, तिथे उतरला तरच देहाला लावा. म्हणजे माणसावर प्रयोग करण्याआधी दुसरीकडे चाचणी घ्या. ही शिस्त कौतुकाची आहे. पण ती एका चुकलेल्या अनुमानावर उभी होती.

अनुमान कुठे फसलं

आपल्या न्यायशास्त्रात उपाधी नावाची एक सुंदर कल्पना आहे. कोणी म्हणालं, जिथे विस्तव तिथे धूर. ऐकायला बरोबर वाटतं. पण लाल तापलेल्या लोखंडात विस्तव आहे, धूर नाही. कारण धुराला नुसता विस्तव पुरत नाही, ओलं इंधन लागतं. ते ओलं इंधन म्हणजे उपाधी. आपण ते पाहिलं नाही म्हणून अनुमान चुकलं.

आता रसेश्वरवाद्याचं अनुमान तपासा. सोनं झिजत नाही, पारा सोन्यात मिसळतो, म्हणून पारा मिसळलेला देह झिजणार नाही. यातली उपाधी कोणती? सोनं का टिकतं? ते सहसा कशाशी संयोग पावत नाही म्हणून. हवेचा ऑक्सिजन ते घेत नाही, पाण्याशी बोलत नाही. आणि देह कशावर जगतो? हवा घेण्यावर, पाणी घेण्यावर, अन्न पचवण्यावर, जुन्या पेशी टाकून नव्या करण्यावर. सोनं टिकतं कारण ते निर्जीव आहे. देह जिवंत आहे कारण तो क्षणाक्षणाला बदलतो. देहाला सोन्यासारखा करायचा म्हणजे त्याचं जगणं थांबवायचं.

आणि पारा नेमकं तेच करतो. आपल्या शरीरातल्या प्रथिनांत गंधकाचे अणू असतात. गंधकाशी पाऱ्याची जुनी दोस्ती, ती खलातच आपण पाहिली. शरीरात गेलेला पारा त्या गंधकाला धरून बसतो आणि प्रथिनं कामातून जातात. मेंदू आणि मूत्रपिंडं आधी बळी पडतात. ज्या गुणामुळे कज्जली होते, त्याच गुणामुळे माणूस मरतो.

हे नुसतं तर्काने सांगत नाही. चीनच्या तांग घराण्यातले अनेक सम्राट अमरत्वाची औषधं घेऊन मेल्याचं त्यांच्याच इतिहासात नोंदलेलं आहे. त्याआधीचा छिन शी ह्वांग हा पहिला सम्राट, त्याने अमरत्वाचं औषध शोधायला माणसं समुद्रापार धाडली. तो मेला इसवी सनपूर्व २१० मध्ये. त्याच्या थडग्यात पाऱ्याच्या नद्या केल्याचं इतिहासकार सिमा छ्येन लिहितो, आणि तिथल्या मातीत पाऱ्याचं प्रमाण खरोखरच जास्त सापडलं आहे.

रामटेकचा नागार्जुन

आता विदर्भात येऊ. इथून नागपूर गाठा, पुढे रामटेक. तिथे नागार्जुन टेकडी आहे. शेजारी मनसरला १९९०च्या दशकाच्या अखेरीस जगतपती जोशी आणि अरुणकुमार शर्मा यांनी उत्खनन सुरू केलं, त्यात वाकाटककाळचे मोठे अवशेष निघाले. तिबेटी परंपरा नागार्जुनाचा जन्म विदर्भातला सांगते. नागार्जुन नावाचे एकाहून जास्त पुरुष होऊन गेले असं अभ्यासक मानतात. एक दुसऱ्या शतकाच्या सुमाराचा बौद्ध तत्त्वज्ञ, दुसरा पुष्कळ नंतरचा रससिद्ध. अल्बेरुनी अकराव्या शतकात लिहितो की रसायनविद्येचा नागार्जुन आपल्याआधी शंभरेक वर्षं होऊन गेला. पण लोकांच्या मनात दोघे एक झाले, आणि त्यातून एक विलक्षण कथा जन्मली. सातव्या शतकात ह्युएन त्संगने ती ऐकून लिहिली. कथासरित्सागरातही ती थोड्या फरकाने आहे.

कथा अशी. नागार्जुनाकडे आयुष्य वाढवणारं रसायन होतं. त्याने ते राजाला दिलं. राजा शेकडो वर्षं जगला. कथासरित्सागरात राजाचं नावच चिरायू. आता राजपुत्राला युवराजपद मिळालं. तो आनंदाने आईकडे गेला. आई म्हणाली, कसला आनंद करतोस? असे कित्येक युवराज येऊन गेले, राजा कोणी झालं नाही. सगळे म्हातारे होऊन मेले. यावर उपाय एकच, नागार्जुनाकडे जा आणि त्याचं मस्तक दान माग. तो कोणाला नाही म्हणत नाही. राजपुत्र गेला, त्याने मस्तक मागितलं, आणि नागार्जुनाने ते दिलं. ह्युएन त्संगच्या कथेत तो वाळक्या गवताच्या पात्याने स्वतःचा गळा कापतो. त्याच्यामागोमाग राजाही जातो.

या कथेत रसायन खोटं ठरत नाही, बरं का! ते काम करतं. तरीही शेवट रक्तातच होतो. का? कारण बापाने काळ थांबवला की मुलाचा काळ अडतो. काळ हा एकट्याचा नसतो. एकाने धरून ठेवला तर तो दुसऱ्याच्या वाट्यातून जातो. शेतीवाडीच्या गावात हे समजावून सांगायला नको. सातबाऱ्यावर नाव कधी चढणार या प्रश्नावर घरंच्या घरं मोडलेली आपण पाहतो.

अल्बेरुनीने धारची एक गोष्ट दिली आहे, तीही याच जातीची. एकाने राजाला अमर करणारं रसायन कढईत उकळलं आणि राजाला म्हणाला, यात उडी घ्या. राजा घाबरला. तेव्हा त्याने स्वतःच उडी घेतली, आणि राजाला सांगितलं की ठरल्याप्रमाणे एकेक पुडी टाकत राहा. शेवटची पुडी उरली तेव्हा राजाच्या मनात आलं, हा अमर होऊन बाहेर आला तर माझ्या राज्याचं काय? त्याने पुडी टाकलीच नाही. कढई निवली आणि आत माणसाच्या आकाराची चांदीची लादी उरली. म्हणजे अमरत्वाचं सूत्र हाती असूनही सत्तेला ते दुसऱ्याच्या हाती नकोच असतं.

चौदाशे वर्षं आणि एकवीस वर्षं

मराठी परंपरेने या हट्टाला स्वतःचं उत्तर दिलं आहे आणि ते तुम्हाला लहानपणापासून माहीत आहे. चांगदेव. योगसामर्थ्याने काळाला चुकवत चौदाशे वर्षं जगलेले. ज्ञानदेवांची कीर्ती ऐकून त्यांनी पत्र लिहायला घेतलं, पण मायना काय लिहावा? वयाने लहान म्हणून आशीर्वाद लिहावा, की ज्ञानाने थोर म्हणून नमस्कार? काही सुचेना, कोराच कागद पाठवला. तो पाहून मुक्ताबाई म्हणाल्या की इतकी वर्षं जगून हे कोरेच राहिले. आणि ज्ञानदेवांनी त्या कोऱ्या कागदाला पासष्ट ओव्यांचं उत्तर दिलं.

ही आख्यायिका आहे, इतिहास नव्हे. पण तिचा हिशेब बघा. एका पारड्यात चौदाशे वर्षं, दुसऱ्या पारड्यात १२९६ साली समाधी घेणाऱ्या ज्ञानदेवांची एकवीस-बावीस वर्षं. मराठी समाजाने शतकानुशतकं कोणाच्या बाजूने कौल दिला, हे सांगायची गरज नाही. रसेश्वरवादी म्हणत होता, आयुष्य पुरत नाही म्हणून ज्ञान होत नाही. ही कथा विचारते, पुरून उरलं तर काय केलंस?

रेडियमची पाळी

तुम्ही म्हणाल, सर, ही जुनी माणसं, त्यांना विज्ञान कुठे ठाऊक होतं? तर मग विज्ञानयुगातलं उदाहरण घ्या. १८९५ साली एच. जी. वेल्स यांची कालयंत्रावरची कादंबरी आली. त्याच वर्षी क्ष-किरण सापडले. १८९८ साली मेरी आणि पिएर क्युरी यांनी रेडियम शोधलं. अंधारात आपणहून उजळणारा पदार्थ! पुन्हा तेच झालं. जो स्वतः थकत नाही तो आपला थकवा घालवेल, असा तर्क लगेच निघाला. अमेरिकेत रेडियम घातलेलं पाणी बाटल्यांतून शक्तिवर्धक म्हणून विकलं गेलं. एबेन बायर्स नावाच्या श्रीमंत उद्योगपतीने ते शेकड्याने प्यायलं. १९३२ साली तो मेला, तोवर त्याचा जबडा झडून गेला होता.

आणि रेडियम घड्याळातही शिरलं. रात्री वेळ दिसावी म्हणून तबकडीवरचे आकडे रेडियमच्या रंगाने रंगवत. न्यू जर्सीमधल्या ऑरेंज नावाच्या गावात, आपल्या संत्र्याचंच नाव की, कारखान्यात मुली हे काम करत. रेघ बारीक यावी म्हणून ब्रश ओठांत धरून टोकदार करायला त्यांना शिकवलं होतं. हाडांत रेडियम साठलं, जबडे गळाले, अनेक जणी गेल्या. आपल्याला धोका नाही असं त्यांना सांगण्यात आलं होतं. उरलेल्यांतल्या पाच जणी कोर्टात उभ्या राहिल्या आणि १९२८ साली तडजोड झाली. कामगारांच्या आरोग्याच्या कायद्यांत त्या लढ्याचं मोल मोठं आहे. रात्री वेळ पाहण्याची सोय दुसऱ्याची, आणि आयुष्य गेलं त्यांचं.

आपल्याकडे अजून गाडीच्या चमकत्या पट्ट्यांना रेडियम म्हणतात, हायवेवर रेडियमची दुकानं असतात. त्यात रेडियम नसतं, घाबरू नका. पदार्थ गेला, नाव तेवढं उरलं.

आजचा पारा

हे सगळं मागे पडलं असं समजू नका. लाल पारा, रेड मर्क्युरी, नावाचा पदार्थ ऐकला असेल. सोव्हिएत संघ कोसळण्याच्या आगेमागे याची बोलवा झाली. अणुबाँब बनतो म्हणे, असाध्य रोग जातात म्हणे, गुप्तधन दिसतं म्हणे. असा पदार्थ कधी कुठल्या प्रयोगशाळेला मिळालेला नाही. तरी २००९ साली सौदी अरेबियात जुन्या शिवणयंत्रांत लाल पारा असतो अशी अफवा उठली आणि यंत्रांचे भाव गगनाला भिडले.

आपल्याकडे त्याचा भाऊ म्हणजे राइस पुलर. वीज पडलेलं तांब्याचं भांडं, त्यात इरिडियम आलंय, ते तांदळाचे दाणे ओढतं, अवकाश संस्था कोट्यवधींना घेईल. भांडं घातक किरणं सोडतं म्हणून तपासणीसाठी खास पोशाख हवा, त्याचे पैसे आधी भरा. २०१८ साली दिल्ली पोलिसांनी बापलेकांना पकडलं, त्यांनी एका व्यापाऱ्याला १ कोटी ४३ लाखांना बुडवलं होतं. साचा ओळखलात ना? दुर्मिळ, घातक, आणि नशीब पालटणारा. धोका सांगितला की माल खरा वाटतो, हे ठगांना पक्कं कळलेलं आहे.

आणि खरा पारा? तो आता कढईतून नव्हे, डबीतून येतो. २०२३च्या सुरुवातीला अकोल्यातल्या एकाच घरातल्या तिघींची बातमी आली होती. गोरं करणारं क्रीम लावून मूत्रपिंडं बिघडली, आणि तपासणीत क्रीममध्ये पारा निघाला. पारा त्वचेतलं रंगद्रव्य तयार होऊ देत नाही, म्हणून चेहरा काही दिवस उजळतो. कायद्याने सौंदर्यप्रसाधनात नकळत आलेला पारासुद्धा सर्वसाधारणपणे दहा लाखांत एक भागापेक्षा जास्त चालत नाही. वय दिसू नये, डाग जावेत, दहा वर्षं मागे जावं, ही इच्छा रसेश्वरवाद्याचीच आहे. फक्त त्याच्याकडे अठरा संस्कारांची शिस्त होती. बिननावाच्या डबीकडे तीही नाही.

काळ ही वस्तू आहे का?

शेवटी पुन्हा नागार्जुनाकडे जातो, पण रसायनवाल्या नव्हे, तत्त्वज्ञ नागार्जुनाकडे. त्याच्या मूलमध्यमककारिकेत एकोणिसावं प्रकरण आहे कालपरीक्षा. अवघ्या सहा कारिका. त्यात तो साधा प्रश्न विचारतो. वर्तमान आणि भविष्य हे भूतकाळाच्या आधाराने आहेत म्हणता, तर मग ते भूतकाळातच असायला हवेत. आधाराशिवाय आहेत म्हणता, तर मग ते सिद्धच होत नाहीत. काळ म्हणून वेगळी, धरून ठेवता येणारी वस्तू कुठे आहे? वस्तू बदलतात, त्या बदलांच्या परस्परसंबंधाला आपण काळ म्हणतो.

हे पटलं तर बघा, एका नावाखाली लोकांनी केवढी विसंगती बांधून ठेवली! एक नागार्जुन काळाला पकडायला पारा घोटतो, दुसरा विचारतो, पकडणार कशाला? काळ जर पदार्थ नाही, तर त्याला बांधणारा पदार्थही असू शकत नाही.

मग पारा आणि काळ यांचा काही संबंधच नाही? आहे, आणि तो फार देखणा आहे. अठराव्या शतकात लंडनच्या जॉर्ज ग्रॅहमने घड्याळाच्या लंबकाला पाऱ्याची नळी लावली. उन्हाळ्यात लंबकाची दांडी वाढते, घड्याळ मागे पडतं, पण पारा वर चढून तो फरक भरून काढतो. आणि २०१९ साली नासाने अवकाशात जे अतिअचूक घड्याळ पाठवलं ते पाऱ्याच्या आयनांवर चालणारं होतं. भास्कराचार्यांना काळाच्या यंत्रात पारा हवा होता. साडेआठशे वर्षांनी तो तिथे पोचला, पण काळ थांबवायला नव्हे, मोजायला. निसर्गाचं ऐकलं की तोच पदार्थ कामाला येतो, आपली इच्छा त्याच्यावर लादली की तोच जीव घेतो.

आपली म्हातारी माणसं कोणी फार दिवस काढले की म्हणतात, दिवस खाल्ले. मला हा शब्दप्रयोग आवडतो. दिवस खायचे असतात, साठवायचे नसतात.

प्रश्नोत्तरं

*प्रश्न : सर, मग पाऱ्याची आयुर्वेदिक औषधं घ्यावीत की नाही?*

मी वैद्य नाही, त्यामुळे औषध सुचवणार नाही. एवढं सांगतो. पाऱ्याचं रूप कोणतं यावर बरंच अवलंबून असतं. वाफ आणि मिथाइल पारा हे सर्वांत घातक, जपानच्या मिनामाताची दुर्घटना मिथाइल पाऱ्याची. कज्जली पाण्यात विरघळत नाही, पण म्हणून ती निर्धोक असं सिद्ध होत नाही. आपल्या औषध कायद्याच्या ई-१ अनुसूचीत पाऱ्याची नोंद विषारी द्रव्यांत आहे, आणि अशा औषधांवर वैद्यकीय देखरेखीखालीच घ्यावे असं छापावं लागतं. तेव्हा जत्रेतून, कुरिअरने, ओळखीच्या माणसाकडून पुडी घेऊ नका. घेतच असाल तर डॉक्टरांपासून लपवू नका.

*प्रश्न : पारद शिवलिंग घरात ठेवतात, त्याचं काय?*

शुद्ध पारा शून्याखाली जवळजवळ ३९ अंशांना गोठतो. आपल्या विदर्भाच्या उन्हात तो घट्ट राहील कसा? घट्ट दिसतो म्हणजे त्यात कथिलासारखा दुसरा धातू मिसळलेला आहे, किंवा तो पाराच नाही. खरोखर पारा असेल तर वाफ निघू शकते. त्यावरून ओघळलेलं पाणी, दूध तीर्थ म्हणून पिऊ नका, लेकरांना तर देऊच नका. आणि घरात थर्मामीटर फुटला तर झाडूने झाडू नका, त्याने थेंब आणखी पसरतात. खिडक्या उघडा, लेकरांना बाहेर काढा, हातात प्लॅस्टिकची पिशवी घालून जाड कागदाने थेंब गोळा करा आणि झाकणाच्या बाटलीत बंद करा. देवावरच्या श्रद्धेला यातलं काहीच आड येत नाही. दगडाच्या पिंडीवर आपल्या आज्यांनी आयुष्यभर पाणी घातलंच की!